वाचकाची निवड आणि साम्राज्य

प्रिया जोशी यांच्या ‘इन अनदर कंट्री’ (२००२) या ग्रंथाचा मुख्य विशेष असा की, वसाहतकालीन वाचकास तो केवळ साम्राज्याचा अंकित मानीत नाही. ग्रंथालयांच्या नोंदी तपासून लेखिका दाखविते की, शिष्टमान्य कादंबऱ्यांहून रेनॉल्ड्सच्या रोमहर्षक कथा येथील वाचकांस अधिक जवळच्या वाटल्या. हरि नारायण आपटे यांनी ‘मधली स्थिति’ (१८८५) रेनॉल्ड्सच्याच आधारे रचिली, हे ध्यानी घेता मराठी अभ्यासकास हे म्हणणे सहज पटावे. तथापि नोंदवहीवरून पुस्तक नेले गेले एवढेच कळते. ते का रुचले, हे अनुमानच राहते. त्या अनुमानाची कसोटी रूपांतरांत आहे. आपट्यांनी काय घेतले, काय टाकले, काय पालटले, हे ताडून पाहिल्याविना वाचकाच्या स्वातंत्र्याविषयी निर्णय देणे घाईचे होईल. ते कार्य मराठीच्या अभ्यासकांचेच होय.