दोनच खेळाडू, अर्धे मैदान

संगणक माणसाला रडवू शकेल काय, असा प्रश्न १९८३ साली इलेक्ट्रॉनिक आर्ट्‌स या अमेरिकन कंपनीने आपल्या जाहिरातीतून विचारला होता. ट्रिप हॉकिन्स यांनी आदल्याच वर्षी स्थापन केलेल्या या कंपनीची भूमिका अशी की, प्रोग्रॅम लिहिणारा हा कारागीर नसून कलावंत आहे. म्हणून गाण्याच्या तबकड्यांसारख्या वेष्टनांतून ती आपले खेळ विकी व त्यांवर कर्त्याचे नाव छापी. त्याच वर्षी तिने एरिक हॅमंड यांनी अ‍ॅपल टू या घरगुती संगणकासाठी रचलेला ‘वन ऑन वन’ हा बास्केटबॉलचा खेळ प्रसिद्ध केला. त्याच्या शीर्षकातच ज्यूलियस अर्विंग आणि लॅरी बर्ड या दोन हयात, ऐन कीर्तीच्या काळातल्या खेळाडूंची नावे होती. हा खेळ कोणाला रडवीत नाही, आणि तसा त्याचा आवही नाही. पण जिवंत माणसाची खेळण्याची तऱ्हा यंत्रात उतरविता येते काय, हा त्याहून अवघड प्रश्न तो नकळत अंगावर घेतो. आणि त्याची परीक्षा याच बाजूने व्हावयास हवी.

प्रथम साधनांचा विचार करू. अ‍ॅपल टूच्या पडद्यावर आडवे २८० आणि उभे १९२ ठिपके, रंग हाताच्या बोटांवर मोजण्याइतके. एवढ्या सामग्रीत चेहऱ्याचे साम्य साधणे अशक्यच. बास्केटबॉलला दोन्ही बाजूंचे मिळून दहा खेळाडू लागतात. हॅमंड यांनी त्यांतले आठ काढून टाकले आणि मैदानही अर्धेच ठेवले. याला काटकसर म्हणणे सोपे आहे. परंतु अमेरिकेतल्या मोहल्ल्यांच्या मैदानांवर एकास एक असा खेळ पोरे खरोखरीच खेळत आली आहेत. कर्त्याने आपल्या तोकड्या साधनांना पेलणारा घाट जीवनातूनच उचलला, बाहेरून लादला नाही, हे त्याच्या दृष्टीचे पहिले गमक होय.

चेहरा नाही, तर ओळख पटणार कशी? स्वभावाने. आकृती कोणत्या जागेवरून चेंडू फेकते यावर तो जाळीत जाण्याचा संभव अवलंबून ठेवलेला आहे. अर्विंगला जाळीजवळ मुसंडी मारणे लाभते, बर्डला दूर उभे राहून नेम धरणे. धावपळीने आकृती दमते आणि मंदावते. बटण दाबून उडी घ्यावी व ती शिखराला पोहोचताना बटण सोडावे, हा एवढासा हिशेब बोटांत मुरू लागला की आपण ठिपके हलवीत आहोत याचा विसर पडतो. डोक्यावर चोवीस सेकंदांचे घड्याळ असतेच. (एका टिपणीवर आठवडा काढणाऱ्या आपणा मंडळींना हा जाच विशेष जाणवेल.) रेखाचित्रकार दोन फटकाऱ्यांत माणसाची चाल पकडतो, तसे काहीसे येथे घडले आहे, आणि अर्विंगच्या बाबतीत तर ते पूर्णपणे साधले आहे. त्याची ख्यातीच मुळी हवेत तरंगत जाऊन एकट्याने चेंडू जाळीत कोंबण्याची.

बर्डचे मात्र तसे नाही, आणि माझी खरी तक्रार येथे आहे. तो लांबून अचूक नेम साधणारा होता हे निर्विवाद. पण जाणकारांनी त्याला थोर मानले ते चेंडू पुढे देण्याच्या कलेसाठी. जोडीदार मोकळा होण्याच्या आधीच तो मोकळा होणार हे त्याला दिसे, आणि चेंडू त्या रिकाम्या जागी जाऊन पडे. बॉस्टन आणि फिलाडेल्फिया या त्या दोघांच्या संघांत १९८०, १९८१ आणि १९८२ अशी लागोपाठ तीन वर्षे पूर्व विभागाच्या अंतिम झुंजी झाल्या; तेथला बर्ड हा चार सहकाऱ्यांमध्ये वावरणारा बर्ड होता. ज्याची निम्मी थोरवी साथ करण्यात आहे अशा वादकाला एकट्यालाच मंचावर बसवावे, तशी या खेळात त्याची गत झाली आहे. हात त्याचा आहे. नजर मात्र गहाळ आहे. अर्धे मैदान अर्विंगला पुरले, बर्डला पुरले नाही.

या दोघांखेरीज पडद्यावर येणारी आठवणीत राहावी अशी तिसरी मनुष्याकृती म्हणजे झाडूवाला. खेळाडूने जोराने चेंडू कोंबला की कधीतरी जाळीमागचा फलक फुटून काचा विखुरतात. मग हा गृहस्थ झाडू घेऊन येतो, काचा गोळा करतो आणि छापता न येण्याजोग्या शब्दांत कुरकुरतो. ही काच वस्तुतः उसनी आहे. फलक फोडण्याबद्दल गाजला तो अर्विंगचा संघसोबती डॅरिल डॉकिन्स. १९७९ साली त्याने असे दोन फलक फोडले होते. दुसऱ्याचा पराक्रम या दोघांच्या पदरी घातला, तरी त्याबद्दल कर्त्याला दोष द्यावासा वाटत नाही, कारण त्या काचांमुळेच झाडूवाला आला. तारांकितांच्या झगमगाटामागून कोणीतरी आवरत असते, हे एवढ्या थोड्या ठिपक्यांत सांगून जाणारा विनोद त्या काळच्या संगणक-खेळांत विरळा. शिवाय या खेळात खराखुरा संताप येतो तो त्यालाच. प्रत्यक्षातले अर्विंग आणि बर्ड ९ नोव्हेंबर १९८४ रोजी बॉस्टनच्या मैदानावर हातघाईवर आले आणि दोघांनाही बाहेर काढण्यात आले. पडद्यावरचे मात्र शिष्टाचार सोडीत नाहीत.

यंत्राची ताकद तेवढीच होती, असे उत्तर माझ्या आक्षेपाला कोणी देईल. ते अर्धेच खरे आहे. १९८८ साली याच कंपनीने अर्विंगच्या जागी मायकेल जॉर्डनला आणून या खेळाची दुसरी आवृत्ती काढली. तोवर संगणकांची शक्ती बरीच वाढलेली होती. जॉर्डनसाठी तिच्यात चेंडू कोंबण्याची वेगळी स्पर्धा आली, बर्डसाठी लांबून तीन गुणांचे नेम मारण्याची. चेंडू ज्याच्या हाती द्यावा असा जोडीदार बर्डला त्याही वेळी मिळाला नाही.