दिलीप कदम यांची चित्रकथा : रेषेचे सामर्थ्य आणि मर्यादा
चित्रकथेच्या समीक्षेत संपादकाची दखल घेतली जाते. चित्रकार मात्र उपेक्षित राहतो. दिलीप कदम हे याचे ठळक उदाहरण होय. अनंत पै यांच्या संपादनाखाली १९८५ पासून ४२ भागांत निघालेल्या अमर चित्रकथेच्या ‘महाभारत’ मालिकेचे ते प्रमुख चित्रकार. राज कॉमिक्सचा ‘भोकाल’ही त्यांनी रेखाटला. पुराणपुरुष आणि कल्पित योद्धा या दोहोंना त्यांच्या रेषेने सारखाच पीळदार देह दिला. हे तिचे सामर्थ्य, मर्यादाही हीच. चिखलदऱ्याच्या लोककथेत भीम कीचकाला मारून दरीत फेकतो. तेथील भीमाचा चेहरा ऐकणाराच कल्पितो. चित्रकथेने देशभरच्या मुलांना भीम दिला, पण एकच. या लाभाची किंमतही समीक्षेने मोजली पाहिजे.