दुर्मिळ इंग्रजी शब्द व आपले कोश

इंग्रजी शब्दांच्या लेखनाचा व उच्चाराचा मेळ बसत नाहीं, ही तक्रार जुनीच आहे. तथापि तिचा खरा त्रास कोणास होतो, ह्याचा विचार आपल्या कोशकारांनीं फारसा केलेला दिसत नाहीं.

‘कर्नल’ हा शब्द घ्या. त्याचीं अक्षरें लावून वाचूं गेल्यास ‘कोलोनेल’ असें कांहीं तरी निघेल. पण तो पलटणींतून कानावाटे आला, म्हणून निरक्षराच्या तोंडींही शुद्ध राहिला. उलट गलबतावरील सारंगास इंग्रज ‘बोसन’ म्हणतो. हा शब्द आपणांस केवळ पुस्तकांत भेटतो, आणि आम्ही तो ‘बोटस्वेन’ असा वाचतों. प्रस्तुत लेखकानें विद्यार्थिदशेंत भर वर्गांत तो तसाच वाचला, आणि सारा वर्ग हंसला. धुळें-जळगांवकडील, घरीं अहिराणी बोलणारा विद्यार्थी वर्गांत तोंड उघडीत नाहीं, ह्याचें कारण बहुधा अज्ञान नसून हें हंसें होय.

तात्पर्य, दुर्मिळ शब्दाच्या बाबतींत कानाचें काम कोशानेंच केलें पाहिजे. खुद्द इंग्रजांसही ही गरज भासली. जॉन्सननें 1755 च्या कोशांत केवळ आघाताची खूण दिली. उच्चारासाठींच रचलेला वॉकरचा कोश 1791 त निघाला, व डॅनियल जोन्सचा 1917 त. आपल्या शालेय कोशांत उच्चार देवनागरींत देतात, ही सोय मोठी. परंतु आघात कोठें द्यावयाचा, हें बहुधा सांगत नाहींत.

अर्थाची गोष्ट ह्याहून नाजूक आहे. जॉन्सननें जाळ्याची व्याख्या जाळ्याहूनही गुंतागुंतीच्या शब्दांनीं केली, म्हणून त्याचा उपहास झाला. तीच खोड आमच्याकडे संस्कृताच्या आधारानें शिरते. थेम्स नदींतील लहान बेटास ‘एट’ म्हणतात. त्याचा अर्थ ‘क्षुद्र नदीद्वीप’ असा कशास द्यावा? ‘नदींतलें बेट’ म्हटलें कीं तापीकांठचा मुलगा तत्काळ समजतो. ‘आफ्टरमॅथ’ म्हणजे आज ‘दुष्परिणाम’ समजतात. मूळ अर्थ, गवत एकदां कापल्यावर त्याच बुडख्यांतून येणारें दुसरें गवत. मुख्य वेचणीनंतर त्याच झाडांवर घेतलेल्या कापसाच्या पिकास आमचा शेतकरी ‘फरदड’ म्हणतो. गवत व कापूस एक नव्हेत, हें खरें. परंतु अर्थाची वाट ह्याच शब्दानें लवकर सांपडते.

मोल्सवर्थच्या मराठी-इंग्रजी कोशाची पहिली आवृत्ति 1831 ची. 1857 च्या आवृत्तींत शब्दांची संख्या सुमारें 60,000 वर गेली, आणि तींत बोलींतील शब्दांस मानाचें स्थान मिळालें. परकीयानें आमचें बोलणें ऐकून कोश रचावा आणि आम्हीं कान मिटून रचावा, हें शोभत नाहीं.

पुढील कोशकारानें दुर्मिळ शब्दाशेजारीं तीन गोष्टी अवश्य द्याव्या: आघातासह उच्चार, तो शब्द कोठें योजतात ह्याची सूचना, आणि बाजारांत व शिवारांत चालणारा मराठी प्रतिशब्द. एवढें झालें तरी आमचा विद्यार्थी वर्गांत निर्भयपणें वाचूं लागेल.