मोनॅकोची खारी बाजू

पार्लेच्या मोनॅकोला दोन बाजू असतात आणि त्या सारख्या नसतात. वरच्या बाजूवर मिठाचे कण चमकतात, बोट फिरवलं की खरखरतात. खालची बाजू सपाट, जराशी जास्त भाजलेली. बहुतेक जण वरची बाजू वरच ठेवून खातात. एकदा उलटं करा. मिठाची बाजू जिभेवर आली की पहिल्या क्षणाला लखकन खारटपणा लागतो आणि हे बिस्कीट किती विचारानं केलेलं आहे ते कळतं.

कणकेत मळलेलं मीठ चावून चावून मोकळं करावं लागतं. वर भुरभुरलेलं मीठ लाळेत लगेच विरघळतं, त्यामुळे थोडंसंही भरपूर वाटतं. पण मोनॅकोची खरी कमाल त्यानंतर सुरू होते. खारटपणा ओसरतो, तेलाचा स्निग्धपणा येतो आणि अगदी शेवटी, घास गिळायच्या बेतात असताना, भाजलेल्या मैद्याची बारीक गोडी लागते. घटकांच्या यादीत साखर असते, ती इथे भेटते. त्याच घरच्या क्रॅकजॅकमध्ये गोड आणि खारट एकदमच पुढे येतात. मला मोनॅकोचा हा क्रम जास्त आवडतो. मिठाला बोलू द्यायचं आणि गोडीनं मागून यायचं, यात संयम आहे.

बिस्किटावरची भोकं नक्षीसाठी नाहीत. भट्टीत पिठातल्या पाण्याची वाफ होते. तिला वाट मिळाली नाही तर बिस्कीट पुरीसारखं फुगेल. वाट मिळते म्हणून ते पातळ राहतं आणि दातांखाली एका झटक्यात तुटतं. इराण्याकडच्या खारीशी त्याची तुलना करू नये. खारी पापुद्र्यांनी सुटत जाते, चहात बुडते आणि तिथेच तिचं सार्थक होतं. मोनॅको चहात बुडवलं की मीठ चहात जातं आणि दोन्ही बिघडतात. घोट वेगळा, बिस्कीट वेगळं.

पार्ले हे घर विलेपार्ल्याचं. 1929 साली तिथे कारखाना निघाला, 1939 पासून बिस्किटं होऊ लागली आणि पुढे कित्येक वर्षं लोकलमधल्या माणसाला स्टेशन न बघता, भाजक्या वासावरून पार्लं आल्याचं कळत असे. तो कारखाना 2016 मध्ये बंद झाला.

वाढदिवसाच्या बशीतलं मोनॅको हा वेगळा प्रांत. टोमॅटोची चकती, वर चाट मसाला, चिमूटभर शेव. कल्पना उत्तम, पण टोमॅटो थेट बिस्किटावर ठेवला की पाच-दहा मिनिटांत ते मऊ पडतं. आधी चीजचा पातळ तुकडा किंवा लोण्याचा हात हवा, मग टोमॅटो. स्निग्ध थर पाणी अडवतो. आणि पाहुणे बसल्यावरच बशी भरावी. चीज आधीच खारट, म्हणून चाट मसाला अगदी बेतानं. तरीही माझं मत विचाराल तर नुसत्या मोनॅकोला तोड नाही.

त्याचा शत्रू एकच, दमट हवा. सादळलेल्या मोनॅकोत मीठ ओलं होऊन पसरतं, झटका जातो, उरतो तो वातड मैदा. म्हणून कोकणात आणि मुंबईत जून ते सप्टेंबर मोठा पुडा आणू नका. लहान आणा, फोडला की संपवा. उरलंच तर घट्ट झाकणाच्या डब्यात टाका, आणि सादळलं तर कोरड्या तव्यावर मंद आचेवर गरम करून पूर्ण गार होऊ द्या. कुरकुरीतपणा बराचसा परत येतो.