सोपारे आणि सह्याद्रीची खोरी : अपरान्तातील बौद्ध धर्माच्या इतिहासलेखनाची चिकित्सा

सारांश :
सोपाऱ्याच्या बौद्ध इतिहासाची मांडणी सामान्यतः पूर्णाची कथा, अशोकाचे शिलालेख आणि १८८२ सालचे स्तूपाचे उत्खनन या तीन आधारांवर केली जाते. हे तिन्ही आधार महत्त्वाचे असले, तरी त्यांचा उपयोग पुरेशा चिकित्सेशिवाय होतो. शिवाय सोपाऱ्याकडे केवळ बंदर म्हणून पाहिल्यामुळे, त्याचा सह्याद्रीच्या खोऱ्यांशी असलेला संबंध दुर्लक्षित राहतो. सोपाऱ्याच्या बौद्ध समाजाविषयीचा सर्वांत विश्वसनीय पुरावा कार्ले, जुन्नर, नाणेघाट येथील शिलालेखांत आहे, असे प्रस्तुत लेखात प्रतिपादन केले आहे.

बीजसंज्ञा : शूर्पारक, अपरान्त, स्तूप, मावळ, धम्मुत्तरीय, वर्षावास.

प्रस्तावना

पालघर जिल्ह्यातील वसई तालुक्यात असलेले आजचे नालासोपारे म्हणजेच प्राचीन शूर्पारक होय. पाली वाङ्मयात त्याचा उल्लेख ‘सुप्पारक’ असा येतो, तर इ. स. पहिल्या शतकातील ‘पेरिप्लस’ या ग्रीक प्रवासवर्णनात पश्चिम किनाऱ्यावरील बाजारपेठांमध्ये त्याची गणना केलेली आहे. या परिसराच्या पश्चिमेस समुद्र, पूर्वेस तुंगारेश्वराची डोंगररांग, उत्तरेस वैतरणा नदी आणि दक्षिणेस उल्हास नदीला मिळालेली वसईची खाडी आहे. वैतरणेचा उगम त्र्यंबकच्या डोंगरात, तर उल्हासचा उगम बोरघाटाच्या परिसरात होतो. म्हणजे सोपारे ज्या दोन जलमार्गांच्या मध्ये वसले आहे, ते दोन्ही सह्याद्रीच्या माथ्यापर्यंत पोहोचतात. ही भौगोलिक वस्तुस्थिती सर्वांना ठाऊक आहे. परंतु बौद्ध धर्माचा इतिहास लिहिताना तिचा विचार क्वचितच केला जातो. स्थानिक पुस्तिका, स्मरणिका आणि विद्यार्थ्यांचे प्रकल्प यांतून सोपाऱ्याचे जे चित्र उभे राहते, ते समुद्राकडे तोंड करून उभ्या असलेल्या नगराचे आहे. त्याची पाठ ज्या डोंगरांना टेकलेली आहे, ते डोंगर या चित्रात दिसत नाहीत. या मांडणीची चिकित्सा करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

१८८२ चे उत्खनन आणि त्याचा अर्थ

सोपाऱ्याच्या आधुनिक अभ्यासाचा प्रारंभ पंडित भगवानलाल इंद्रजी यांच्यापासून होतो. ‘बुरुड राजाचा कोट’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या टेकाडाचे त्यांनी एप्रिल १८८२ मध्ये उत्खनन केले, तेव्हा ते टेकाड म्हणजे विटांचा स्तूप असल्याचे सिद्ध झाले. स्तूपाच्या गर्भात दगडी पेटी मिळाली. तिच्यातील तांब्याच्या करंडकात चांदीचा, त्यात दगडाचा, त्यात स्फटिकाचा आणि अखेरीस सोन्याचा असे एकात एक करंडक होते. सोन्याच्या करंडकात मातीच्या पात्राचे तेरा तुकडे होते. तांब्याच्या करंडकाभोवती आठ धातुमूर्ती मांडलेल्या होत्या. या मूर्ती सात मानुषी बुद्ध आणि भावी बुद्ध मैत्रेय यांच्या असल्याचे ओळखण्यात आले. याखेरीज सातवाहन राजा यज्ञश्री सातकर्णी याचे चांदीचे नाणे आणि सोन्याची फुलेही मिळाली. हे अवशेष मुंबईच्या एशियाटिक सोसायटीकडे आहेत.

मातीचे तुकडे बुद्धाच्या भिक्षापात्राचे असावेत, असे भगवानलालांनी मानले आणि नाण्याच्या आधारे स्तूपाचा काळ ठरविला. आजही अनेक लेखनांत हे दोन्ही निष्कर्ष निर्विवाद सत्य म्हणून उद्धृत केले जातात. वस्तुतः हे दोन्ही निष्कर्ष एकाच पातळीवरचे नाहीत. ते तुकडे पूज्य मानले गेले होते, हे पाच करंडकांवरून स्पष्ट होते. पण ते कोणाचे होते हे सांगणारा लेख त्यांच्यासोबत मिळालेला नाही. पुरातत्त्व श्रद्धेचे अस्तित्व सिद्ध करू शकते, श्रद्धेच्या विषयाची सत्यता नव्हे. कालनिर्णयाचीही तीच अडचण आहे. यज्ञश्रीचा काळ इ. स. दुसऱ्या शतकाच्या उत्तरार्धातला; मूर्ती मात्र शैलीवरून आठव्या-नवव्या शतकांतील मानल्या जातात. नाणे आणि मूर्ती एकाच पेटीत असतील, तर पेटी शेवटची बंद झाली ती मूर्तींच्या काळात, असेच म्हणावे लागते. म्हणजे स्तूप एकदा उभारला गेला आणि काही शतकांनंतर कोणीतरी तो पुन्हा उघडून, जुने अवशेष राखून, त्याला नव्याने प्रतिष्ठा दिली. ‘सोपाऱ्याचा स्तूप अमुक शतकातील’ या एका वाक्यात हा दीर्घ धर्मजीवनाचा पुरावा हरवून जातो.

अशोकाच्या शिलालेखांबाबतही असेच घडते. आठव्या शिलालेखाचा तुकडा १८८२ मध्ये सोपाऱ्यात, तर नवव्याचा १९५६ मध्ये जवळच्या भुईगावात सापडला. आठव्या लेखात राजाने विहारयात्रा सोडून धर्मयात्रा आरंभिल्याचे व संबोधीस, म्हणजे बोधगयेस गेल्याचे सांगितले आहे. नवव्यात निरर्थक मंगलकार्यांऐवजी दास व सेवकांशी योग्य वर्तन, वडीलधाऱ्यांचा आदर यांनाच खरे मंगल म्हटले आहे. इ. स. पू. तिसऱ्या शतकात सोपारे मौर्य सत्तेचे महत्त्वाचे ठाणे होते, हे यावरून निश्चित होते. तथापि हा उपदेश सर्व प्रजेला उद्देशून आहे; त्यावरून त्या काळी सोपाऱ्यात भिक्षुसंघ होता असा थेट निष्कर्ष काढता येत नाही. ‘महावंसा’त योनक धम्मरक्खित या थेराला अपरान्तात पाठविल्याची परंपरा आहे, पण हा ग्रंथ अशोकानंतर कित्येक शतकांनी सिंहलद्वीपात रचला गेला, याचे भान ठेवावे लागते.

पूर्णाची कथा : इतिहास की साक्ष?

‘दिव्यावदाना’तील पूर्णावदान हे सोपाऱ्याचे सर्वांत लोकप्रिय आख्यान आहे. शूर्पारकातील धनाढ्य व्यापाऱ्याला दासीपासून झालेला पूर्ण हा पुत्र, वडील भावांच्या पत्नींमुळे झालेली घराची वाटणी, पूर्णाने गोशीर्ष चंदनाच्या व्यापारातून मिळविलेले वैभव, समुद्रप्रवास, प्रव्रज्या, संकटात सापडलेल्या भावाच्या जहाजाचे रक्षण, चंदनाचा विहार आणि तेथे बुद्धाचे आकाशमार्गाने आगमन असा तिचा विस्तार आहे. या कथेच्या आधारे बुद्ध प्रत्यक्ष सोपाऱ्यास आले होते, असे विधान सर्रास केले जाते.

हा ग्रंथ बुद्धानंतर अनेक शतकांनी संकलित झाला, ही गोष्ट अशा विधानांत विचारात घेतली जात नाही. परंतु कथा ऐतिहासिक घटना नाही म्हणून ती टाकाऊ ठरते, असेही नव्हे. ती घटनेची नाही, समाजमनाची साक्ष आहे. दासीपुत्राला वारसाहक्कात डावलले जाते, तोच पुढे घराण्याचा तारणहार होतो आणि त्याच्यामुळे नगर बुद्धदर्शनास पात्र ठरते, ही कल्पना ज्या समाजाला स्वीकारार्ह वाटली, त्याच्या नैतिक आकांक्षा या कथेतून कळतात. नवव्या शिलालेखातील दास-सेवकांविषयीचा उपदेश आणि ही कथा शेजारी ठेवून वाचल्यास, बुद्ध आकाशमार्गाने आले का, यापेक्षा अधिक अर्थपूर्ण प्रश्न समोर येतात.

खोऱ्यांतील शिलालेखांची साक्ष

सोपाऱ्याच्या स्तूपातून सामान्य उपासकांची नावे मिळत नाहीत. ती मिळतात डोंगरात. मावळातील कार्ले चैत्यगृहाच्या एका स्तंभावर सोपाऱ्याच्या सातिमिताचे दान कोरलेले आहे. तो धम्मुत्तरीय निकायाचा भाणक होता आणि त्याने दिलेला स्तंभ धातुयुक्त, म्हणजे पवित्र अवशेषासह असल्याचे लेखात नमूद आहे. या छोट्या लेखाचे महत्त्व असामान्य आहे. भाणक म्हणजे धर्मवचने मुखोद्गत ठेवून त्यांचे पठण करणारा भिक्षू. सोपाऱ्यात असे पठण करणारी परंपरा होती, तिचा विशिष्ट निकाय होता आणि तिचा प्रतिनिधी घाट चढून इंद्रायणीच्या खोऱ्यात आला होता, या तीन गोष्टी हा एकच लेख निश्चितपणे सांगतो. पूर्णाच्या कथेतून यांपैकी एकही गोष्ट खात्रीने सिद्ध होत नाही.

याच धम्मुत्तरीय निकायाच्या भिक्षुणींचा विहार जुन्नर नगरात होता, हे जुन्नरच्या एका लेखावरून कळते. कोकणातून जुन्नरला जाणारा मार्ग नाणेघाटाचा. तेथेही सोपाऱ्याच्या गोविंददासाच्या दानाचा लेख आहे. बंदर, घाट आणि घाटमाथ्यावरील नगर हे तिन्ही बिंदू अशा रीतीने प्रत्यक्ष कोरीव पुराव्याने जोडले जातात. नाशिकच्या लेण्यांतील उषवदाताच्या लेखात शूर्पारकात बांधलेल्या धर्मशाळांचा आणि तेथील रामतीर्थावरील चरकांना दिलेल्या दानाचाही उल्लेख आहे. बौद्ध संघाला लेणे देणारा हाच दाता सोपाऱ्यात वैदिक परंपरेतील परिव्राजकांना दान देतो. प्राचीन सोपारे केवळ बौद्ध होते किंवा केवळ परशुरामक्षेत्र होते, या दोन्ही आग्रहांना हा लेख परस्पर उत्तर देतो.

व्यापारी मार्गाच्या सूत्राची मर्यादा

लेणी आणि व्यापारी मार्ग यांचा संबंध दामोदर धर्मानंद कोसंबी यांनी प्रभावीपणे दाखविला आणि पुढील संशोधनाला दिशा दिली. मात्र या सूत्राचा यांत्रिक वापर झाल्यास भिक्षुसंघ हा तांड्यांच्या मागे जाणारा एक घटक एवढाच उरतो. शिलालेख वेगळे चित्र दाखवितात. कार्ल्यास वालुरक लेण्यांत वर्षावास करणाऱ्या प्रव्रजितांच्या निर्वाहासाठी उषवदाताने करजिक हे गाव दिले. सातवाहन काळातील दानलेखात मामाल येथील अमात्याला आज्ञा आहे; ‘मावळ’ हे नाव याच मामालशी जोडले जाते. नाशिक येथे उषवदाताने ३,००० कार्षापणांची रक्कम विणकरांच्या श्रेणींकडे ठेवली होती. २,००० वर दरमहा दरशेकडा १ आणि १,००० वर पाऊण या दराने येणाऱ्या व्याजातून भिक्षूंच्या चीवरादी गरजा भागवावयाच्या होत्या.

याचा अर्थ असा, की संघाचा नित्य निर्वाह खोऱ्यातील शेती आणि स्थानिक कारागिरांच्या श्रेणी यांवर अवलंबून होता. पावसाळ्यात समुद्र जहाजांना बंद, घाटवाटा निसरड्या आणि विनयाच्या नियमानुसार भिक्षूंना एका ठिकाणी राहणे आवश्यक. व्यापार थांबतो त्याच महिन्यांत विहार भरलेला असतो, आणि त्या महिन्यांत त्याला पोसते ते खोरे. हा विचार केल्यास बंदर आणि खोरे यांचे नाते पुरवठादार व ग्राहकाचे न राहता परस्परपूरक असल्याचे दिसते. सातिमितासारखा भाणक केवळ व्यापारी वाटेने गेला नाही. जेथे श्रोते, अन्न आणि आश्रय होता, तेथे तो गेला.

उत्तरकाळ आणि आजचा प्रश्न

सोपाऱ्याचे बंदर लगेच लोपले नाही. अनंतदेव शिलाहाराच्या १०९४ सालच्या ताम्रपटात स्थानक, नागपूर आणि चेमुल्य यांच्यासोबत शूर्पारकाचा बंदर म्हणून उल्लेख येतो. नवव्या शतकात कान्हेरी येथे शिलाहारांच्या काळातील बौद्ध दानलेख कोरले जात होते. सोपाऱ्याच्या स्तूपातील आठ मूर्ती याच काळाच्या आसपासच्या आहेत, हे लक्षात घेतल्यास बौद्ध धर्म सातवाहनांबरोबर कोकणातून नाहीसा झाला, हे ढोबळ विधान टिकत नाही.

नवव्या शिलालेखाचा तुकडा मिळाला, त्याच वर्षी, १४ ऑक्टोबर १९५६ रोजी, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी नागपूर येथे धम्मदीक्षा घेतली. हा योगायोग आहे, कार्यकारणसंबंध नव्हे. पण त्यानंतर सोपाऱ्याचा स्तूप हजारो कुटुंबांसाठी अभ्यासविषयाबरोबरच वंदनस्थान झाला. म्हणूनच येथील इतिहासलेखनाची जबाबदारी वाढते. ज्या समाजाला आपला इतिहास दीर्घकाळ नाकारला गेला, त्याच्या हाती कच्चा पुरावा देणे हा सन्मान नव्हे. चमत्कारकथेवर उभारलेला दावा विरोधक एका वाक्यात फेटाळू शकतो. कार्ल्याच्या स्तंभावरील सोपाऱ्याचे नाव कोणालाही फेटाळता येत नाही. दुसरीकडे, झपाट्याने नागरीकरण होत असलेल्या या परिसरात तळी आणि टेकाडे बुजत असताना, इतिहास म्हणजे कुंपणाच्या आतील एक स्तूप, एवढाच समज रूढ होणे धोक्याचे आहे. जे इतिहासात धरले जात नाही, ते जपलेही जात नाही.

निष्कर्ष

१. सोपाऱ्याचा स्तूप एका काळाचा नसून किमान दोन टप्प्यांतील श्रद्धेचा पुरावा आहे.
२. पूर्णावदानाचा उपयोग घटनेचा आधार म्हणून नव्हे, तर सामाजिक धारणांचे साधन म्हणून करणे उचित ठरते.
३. सोपाऱ्यातील संघाचा निकाय आणि उपासकांची नावे यांचा खात्रीचा पुरावा मावळ व जुन्नरच्या खोऱ्यांत आणि घाटात आहे. त्यामुळे सोपाऱ्याचा अभ्यास सह्याद्रीच्या अभ्यासापासून वेगळा करता येत नाही.
४. व्यापारी मार्गाचे सूत्र उपयुक्त असले, तरी वर्षावास, ग्रामदान आणि श्रेणींच्या ठेवी यांचा विचार केल्याशिवाय ते अपुरे आहे.

वसई परिसरातील महाविद्यालयांनी सोपाऱ्याची शैक्षणिक सहल स्तूपापाशी न संपवता ती नाणेघाट आणि कार्ल्यापर्यंत न्यावी. आपल्या गावाचे नाव घाटमाथ्यावरील खडकात कोरलेले आहे, हे विद्यार्थ्याने स्वतःच्या डोळ्यांनी पाहिले, तर पुरावा म्हणजे काय हे त्याला निराळे शिकवावे लागणार नाही.