ताबूत आणि कार्निव्हल : कडेगावच्या संदर्भात एक टिपण

कॅरिबियन कार्निव्हलचा विचार आपल्याकडे बहुधा बाख्तिनपासून सुरू होतो. मध्ययुगीन युरोपच्या संदर्भात त्याने मांडलेली संकल्पना, म्हणजे उत्सवापुरती उलथून पडणारी उच्चनीचतेची उतरंड, मराठी समीक्षेत आता जत्रेपासून शिमग्यापर्यंत कोणत्याही गर्दीला लावली जाते. कडेगाव (जि. सांगली) येथील मोहरमच्या गगनचुंबी ताबुतांना ती लागू पडते काय, हा येथे विचारार्थ घेतलेला प्रश्न आहे.

कडेगाव आणि कॅरिबियन यांना जोडणारा एक दुवा इतिहासातच आहे. १८४५ पासून हिंदुस्थानातून करारबद्ध मजूर त्रिनिदादला नेले गेले. त्यांच्याबरोबर मोहरमही गेला आणि हुसेनच्या नावावरून 'होसे' म्हणून तेथे रुजला. उसाच्या मळ्यांवरील हिंदू मजूरही त्यात सामील होत. १८८४ मध्ये सरकारने मिरवणुकांना शहरात येण्यास बंदी केली, तेव्हा विरोधाचा अर्ज करणाऱ्यांत सुखू नावाचा हिंदू मजूर अग्रभागी होता. ३० ऑक्टोबर रोजी सॅन फर्नांडोच्या वेशीवर गोळीबार होऊन अनेक मजूर ठार झाले. तीनच वर्षांपूर्वी, १८८१ मध्ये, पोर्ट ऑफ स्पेन येथे कार्निव्हलमधील 'कॅनबुले' मिरवणुकीत मुक्त आफ्रिकन गुलामांच्या वंशजांचा पोलिसांशी संघर्ष झाला होता. एक उत्सव उल्हासाचा, दुसरा शोकाचा. सत्तेला मात्र दोहोंत एकच गोष्ट खुपली, ती म्हणजे श्रमिकांनी रस्ता व्यापणे.

कडेगावात उतरंड उलथत नाही. तेथे मानपान आहे, आणि तो काटेकोर आहे. काही ताबूत हिंदू मानकऱ्यांचे आहेत. भेटीच्या दिवशी कोणी कोणत्या क्रमाने निघावयाचे, हे परंपरेने ठरलेले असते. 'हिंदू-मुस्लिम ऐक्याचे प्रतीक' हे वृत्तपत्रांचे आवडते विशेषण येथे अपुरे वाटते, कारण ऐक्य ही येथे भावना नसून वारसाहक्काने आलेली जबाबदारी आहे. बांबू आणणे, सुताने बांधणे, आधी कळस व मग पाया या क्रमाने मजले चढविणे, अशी ती दरवर्षी अंगावर घ्यावी लागते. (हे श्रम आपल्या सांस्कृतिक अभ्यासांत क्वचितच नोंदले जातात.)

असा मान मोडू शकतो, याचा पुरावा दूर शोधावयास नको. १८९३ च्या दंगलींनंतर, सार्वजनिक गणेशोत्सव आकारास येत असताना, पुण्यात हिंदूंनी ताबुतांकडे पाठ फिरवावी असा प्रचार झाला आणि तो बव्हंशी यशस्वीही ठरला. कडेगावातील हिंदू मानकऱ्याने मात्र आपला ताबूत सोडला नाही. या चिवटपणाचे स्पष्टीकरण बाख्तिनपेक्षा गावाच्या मानपानात अधिक सापडेल, असे प्रस्तुत लेखकास वाटते.