एकेरीवर आलेली भाषा

भांडण वाढलं की मराठी माणूस एकेरीवर येतो. 'अहो'चं 'अरे' होतं, 'तुम्ही'चं 'तू' होतं. बॅडमिंटनबद्दल बोलताना मात्र आपण भांडण नसतानाही एकेरीवर येतो. कोर्टावर चार जण खेळत असले तरी आपली नजर एकालाच शोधते. शेवटचा फटका कुणाचा? फोटो कुणाचा लावायचा? हिरो कोण? हा लेख या सवयीबद्दल आहे, आणि या सवयीमुळे ज्याची कारकीर्द आपण अर्धवट वाचली त्या मुंबईच्या चिराग शेट्टीबद्दल.

आधी कारकिर्दीची उजळणी. चिरागचा जन्म १९९७चा, मुंबईतला. गोरेगावला उदय पवार यांच्या अकादमीत तो घडला, मग हैदराबादला गोपीचंद अकादमीत गेला. तिथे मलेशियन प्रशिक्षक टॅन किम हर यांनी त्याची जोडी आंध्रातल्या अमलापुरमच्या सात्विकसाईराज रंकीरेड्डीशी लावली. सात्विक त्याच्याहून तीन वर्षांनी लहान. २०१८मध्ये या दोघांना राष्ट्रकुल स्पर्धेत रौप्य मिळालं. ऑगस्ट २०१९मध्ये थायलंड ओपनच्या फायनलमध्ये त्यांनी चीनच्या ली जुनहुई आणि लिऊ युचेन या तेव्हाच्या जगज्जेत्या जोडीला हरवलं: २१-१९, १८-२१, २१-१८. २०२२मध्ये थॉमस चषक, राष्ट्रकुल सुवर्ण आणि जागतिक स्पर्धेत कांस्य. २०२३मध्ये दुबईत आशियाई विजेतेपद, जे १९६५मध्ये दिनेश खन्ना एकेरीत जिंकले त्यानंतर ५८ वर्षांनी भारताकडे आलं. त्याच वर्षी इंडोनेशिया ओपन, हांगझोऊच्या आशियाई क्रीडा स्पर्धेत सुवर्ण, आणि १० ऑक्टोबर २०२३ रोजी जागतिक क्रमवारीत पहिला क्रमांक. तिथे पोचलेली ही पहिली भारतीय जोडी.

आता या परिच्छेदातल्या वाक्यांचा कर्ता शोधून पाहा. 'त्यांनी हरवलं.' शाळेत संस्कृत घेतलं असेल तर 'देवः देवौ देवाः' घोकल्याचं आठवत असेल. मधलं रूप द्विवचनाचं, म्हणजे बरोब्बर दोघांचं. प्राकृतात येईपर्यंत ते गळून पडलं आणि मराठीच्या वाट्याला आलंच नाही. आपल्याकडे एक असतो, नाहीतर अनेक असतात. 'त्यांनी' हा शब्द दोघांनाही चालतो, अकरा जणांनाही चालतो, आणि मान द्यायचा असेल तर एकालाही चालतो. दोघं मिळून जे एक होतात त्यांच्यासाठी व्याकरणात वेगळी जागा नाही. दोष मराठीचा नाही, हिंदी-इंग्रजीतही द्विवचन नाही. पण जी गोष्ट व्याकरण आपोआप करून देत नाही, ती लिहिणाऱ्याने मुद्दाम करावी लागते. खेळावर लिहिताना आपण ती करत नाही.

गंमत अशी की खेळताना आपण सगळे दुहेरीवालेच असतो. मी डिंभ्यात राहतो. इथे थंडीत संध्याकाळी चुन्याच्या रेघा मारून, बल्ब लावून बॅडमिंटन रंगतं. धरणाच्या बाजूने वारा सुटला की पाच ग्रॅमचं शटल कुठे जाईल याचा नेम नसतो. अशा कोर्टावर एकेरी कोण खेळणार? जाळं एक, जागा एक आणि बाहेर सहा जण नंबर लावून उभे. चौघांना खेळवायचं म्हणून दुहेरी. ज्या खेळाला एकोणिसाव्या शतकात पुण्याच्या छावणीवरून 'पूना' असं नाव पडलं होतं, तो पुणे जिल्ह्यातल्या गावांत आजही जोडीनेच खेळला जातो.

आणि जोडी म्हणजे काय हे आंबेगाव-जुन्नरच्या माणसाला शिकवायची गरज नाही. बैलगाडा शर्यतीच्या घाटात वेळ लावतात ती गाड्याची. एकट्या बैलाचं कौतुक पारावर बसून कितीही करा, जोडीदाराशी चाल जुळली नाही तर गाडा रेंगाळतो आणि सेकंद वाढतात. लाखमोलाचा बैल घेऊन आलेला मालकही आधी विचारतो, याच्या जोडीला कोणता? हा प्रश्न आपल्याला घाटात सुचतो आणि क्रीडापानावर सुचत नाही.

तो चिरागबद्दल विचारू. सात्विकच्या जोडीला चिराग असतो म्हणजे नेमकं काय होतं?

दुहेरीचं साधं गणित आहे. आपण हल्ला करत असू तेव्हा एक पुढे, एक मागे. बचाव करत असू तेव्हा दोघं शेजारी शेजारी. शटल वर उचलून दिलं की समोरच्याला स्मॅश मिळतो, म्हणून दोन्ही बाजूंची सगळी धडपड समोरच्याला शटल उचलायला लावण्यासाठी चाललेली असते. ही जोडी जमली तेव्हा दोघंही मागून मारणारे होते. दोघांनीही मागेच राहायचं म्हटलं असतं तर जाळ्याजवळची जागा रिकामी राहिली असती. ती बहुतेक वेळा चिरागने घेतली. जाळ्यापाशी रॅकेट वर धरून उभं राहायचं, समोरचा परतीचा फटका अर्ध्यात अडवायचा, त्याला उचलायला भाग पाडायचं, आणि मग मागून सात्विकचा हात येतो.

एप्रिल २०२३मध्ये जपानमध्ये सात्विकच्या स्मॅशची गती ताशी ५६५ किलोमीटर मोजली गेली आणि गिनेस बुकात नोंद झाली. ती चाचणी होती. सामन्यात असा स्मॅश मारायला आधी शटल नीट उचललेलं मिळावं लागतं. ते मिळवून देण्याच्या कामाची नोंद कुठल्या बुकात होते? तुमच्या फोनवर येणारं रील स्मॅशपासून सुरू होतं. त्याच्या दोन फटके आधी चिरागने डावीकडे अर्धं पाऊल टाकून एक वाट बंद केलेली असते, ते रीलच्या आधीच कापलेलं असतं. आपण ज्याला कौतुक म्हणतो त्याचं हे संपादन आहे. त्यात मारणारा राहतो, मारायला देणारा जातो.

चिरागचाही स्मॅश जबरदस्त आहे, हे विसरू नका. जागा फिरल्या की तो मागूनही तितक्याच जोराने मारतो. म्हणजे जे आपल्याला येतं ते बहुतांश वेळ न करण्याचं त्याने ठरवलं. माझ्या मते त्याच्या कारकिर्दीतला सगळ्यात मोठा निर्णय हाच, आणि एकेरीच्या भाषेत तो 'त्याग' किंवा 'दुय्यम भूमिका' असा चुकीचा लिहिला जातो. चांगला तबलजी साथ करतो तेव्हा तो काही सोडत नसतो. गाणं कुठे उभं राहणार ती जमीन तो ठरवत असतो.

१५ मे २०२२चा थॉमस चषकाचा अंतिम सामना पुन्हा पाहा. बँकॉक, समोर इंडोनेशिया. लक्ष्य सेनने पहिला सामना जिंकलेला. दुसऱ्या सामन्यात सात्विक-चिरागसमोर मोहम्मद अहसान आणि केविन संजया सुकामुल्जो. अहसान तीन वेळचा जगज्जेता, केविन अनेक वर्षं जगात अव्वल. पण अहसानची नेहमीची जोडी हेंद्रा सेतियावानशी आणि केविनची मार्कस गिडियनशी. दोन महान जोड्यांचे दोन अर्धे एकत्र उभे होते. आपल्या जोडीने पहिला गेम १८-२१ असा घालवला, दुसऱ्यात मॅच पॉइंट वाचवून २३-२१, तिसरा २१-१९. नावं मोजली तर इंडोनेशियाचं पारडं जड होतं. अटीतटीच्या गुणांवर मात्र रोज एकत्र खेळल्याने येणारी सवय कामी आली असं मला वाटतं: तू गेलास तर मी कुठे, हे न विचारता कळणं. पुढे किदंबी श्रीकांतने तिसरा सामना जिंकला आणि भारताने चषक ३-० असा नेला.

इथे एक आक्षेप येईल आणि तो वजनदार आहे. चीनचा फू हायफेंग घ्या. त्साई युनबरोबर तो चार वेळा जगज्जेता झाला आणि २०१२मध्ये लंडनला ऑलिम्पिक सुवर्ण जिंकला. मग जोडीदार बदलून झांग नानबरोबर २०१६मध्ये रिओला पुन्हा सुवर्ण. हा झांग नान लंडनला झाओ युनलेईबरोबर मिश्र दुहेरीत जिंकलेला. झाओ युनलेईने तर त्याच लंडनमध्ये तिआन चिंगबरोबर महिला दुहेरीचंही सुवर्ण घेतलं. जोडीदार बदलूनही हे लोक जिंकत असतील, तर शेवटी माणूसच मोठा ना?

माणूस मोठा आहेच. पण कशात मोठा ते पाहायला हवं. फू हायफेंग मागून तोफ डागायचा म्हणून प्रसिद्ध होता. पुढे उभ्या असलेल्या त्साई युनची चाल वेगळी, झांग नानची वेगळी. दोघांबरोबर सुवर्ण जिंकायचं तर दोन वेगळ्या माणसांच्या पुढचं पाऊल आधी ओळखता यावं लागतं. जोडीदार होता येणं हे स्वतंत्र कौशल्य आहे आणि तेही एकट्याने कमवावं लागतं. म्हणून दुहेरीच्या खेळाडूची वैयक्तिक थोरवी मोजायला एक प्रश्न पुरतो: याच्या शेजारी उभं राहिल्यावर दुसरा किती मोठा खेळाडू होतो? या मापाने चिराग फार उंच आहे.

उंच आहे, परिपूर्ण नाही. मलेशियाच्या आरोन चिया आणि सोह वुई यिक यांच्याशी ही जोडी ओळीने आठ वेळा हरली आणि मग जून २०२३मध्ये इंडोनेशिया ओपनच्या फायनलमध्ये पहिल्यांदा जिंकली. १ ऑगस्ट २०२४ला पॅरिस ऑलिम्पिकच्या उपांत्यपूर्व फेरीत तेच दोघं समोर आले. पहिला गेम २१-१३ असा आपला. मग १४-२१, १६-२१. पदक गेलं. माझं वाचन असं की उचललेलं शटल मिळेनासं झालं की या जोडीकडचे पर्याय कमी पडतात. सर्व्हिसनंतरच्या पहिल्या दोन-तीन फटक्यांत खेळ आडवा आणि वेगवान झाला की त्यांची तोफ मागे नुसती उभी राहते. ही दोघांची मिळून असलेली उणीव आहे. हरल्यावर मात्र आपली भाषा आणखी एकेरीवर येते. लगेच सर्व्हिस कुणाची चुकली, दडपण कुणाला आलं, याची वाटणी सुरू होते. जिंकल्यावर 'जोडी', हरल्यावर 'हा की तो', असा हा हिशोब.

या भाषेची किंमत नुसती शब्दांत मोजली जात नाही. जुलै २०२४मध्ये टी-ट्वेंटी विश्वचषक जिंकून आलेल्या संघातल्या मुंबईच्या क्रिकेटपटूंचा विधान भवनात सत्कार झाला आणि संघासाठी ११ कोटी रुपयांचं बक्षीस जाहीर झालं. तेव्हा चिरागने जाहीरपणे नाराजी बोलून दाखवली. क्रिकेटला त्याचा विरोध नव्हता. थॉमस चषक म्हणजे बॅडमिंटनचा विश्वचषकच, तो जिंकणाऱ्या संघात महाराष्ट्राचा मी एकटा होतो, आणि राज्याने साधी दखलही घेतली नाही, असं त्याचं म्हणणं. सांघिक स्पर्धेतला दुहेरीचा खेळाडू म्हणजे दोनदा झाकलेला माणूस. आधी संघात, मग जोडीत.

ही विसर जुनी आहे. सांगलीचे नंदू नाटेकर आपल्याला एकेरीचे राजे म्हणून माहीत. १९५६मध्ये त्यांनी क्वालालंपूरची सेलांगर स्पर्धा जिंकली, ती परदेशात आंतरराष्ट्रीय विजेतेपद मिळवणाऱ्या पहिल्या भारतीय बॅडमिंटनपटूची म्हणून नोंदली गेली. पण त्यांच्या राष्ट्रीय विजेतेपदांत एकेरीची सहा, तर पुरुष दुहेरीची सहा आणि मिश्र दुहेरीची पाच आहेत. सतरापैकी अकरा वेळा त्यांच्या शेजारी कुणीतरी उभं होतं. ती नावं किती जणांना सांगता येतील? वर्ध्यात जन्मलेली, आई चिनी वंशाची असलेली ज्वाला गुट्टा २०११मध्ये अश्विनी पोनप्पाबरोबर जागतिक कांस्य जिंकली. महिला दुहेरीतलं ते भारताचं पहिलं जागतिक पदक. दुहेरीला सावत्र वागणूक मिळते हे ती वर्षानुवर्षं मोठ्याने सांगत राहिली. आपण तिच्या म्हणण्यापेक्षा तिच्या आवाजाचीच चर्चा जास्त केली.

मग करायचं काय? द्विवचन परत आणता येणार नाही. नजर बदलता येईल. पुढचा दुहेरीचा सामना फोनवर लावाल तेव्हा दहा गुण एक प्रयोग करा. शटलकडे पाहू नका. ज्याच्याकडे शटल नाही त्याच्याकडे पाहा. तो कुठे सरकतो, रॅकेट कधी वर घेतो, कुठली वाट बंद करतो. पहिले तीन-चार गुण काहीच कळणार नाही. पाचव्या-सहाव्या गुणाला स्मॅश पडायच्या आधीच तो पडणार हे तुम्हाला दिसायला लागेल. मग तो गुण कुणाचा, असं कुणी विचारलं तर एका नावाचं उत्तर देताना तुमची जीभ अडखळेल. ती अडखळू द्या. खेळावरचं चांगलं मराठी लिखाण तिथून सुरू होईल.